नव्या होडीचा नारळ

नवऱ्याचा फोन आला तेव्हा मी क्लिनिकमधून नुकतीच घरात शिरले होते. चपलाही काढल्या नव्हत्या. हॅलो वगैरे काही नाही, थेट म्हणाला, तुझ्या मुलीला विचार काय उद्योग चाललेत. आमची मुलगी शाळेतून बक्षीस आणते तेव्हा ती त्याची असते आणि तक्रार आणते तेव्हा माझी. लग्नाला इतकी वर्षं झाल्यावर याचा मला राग येत नाही, म्हणजे फारसा येत नाही. मी एसी लावला, पाणी प्यायले आणि मग काय झालं ते विचारलं.

झालं होतं ते असं. आम्ही ओमानमध्ये राहतो. नवरा इब्र्याला एका कंत्राटदाराकडे साइट इंजिनिअर आहे. रविवारी पहाटे जातो, गुरुवारी संध्याकाळी अल अमेरातला घरी येतो. घरभाड्याचा चेक वटायची वेळ आली म्हणून त्याने बँकेचे मेसेज जरा नीट बघितले, तर गेम कन्सोलच्या ऑनलाइन दुकानाचं नाव एकाखाली एक दिसायला लागलं. दर वेळी रक्कम लहानच, पण नाव तेच. कन्सोलमध्ये कार्ड त्याचं होतं. मुलीच्या वाढदिवसाला तिला एक गेम घेऊन दिला, तेव्हा घातलेलं ते तसंच राहिलं. प्रत्येक खरेदीला पासवर्ड टाकायचा कंटाळा येतो म्हणून ‘पुन्हा विचारू नको’ असं त्या यंत्राला सांगून ठेवणाराही हाच. पण हे बोलून दाखवायची वेळ नव्हती. मागे सिमेंटचा मिक्सर घरघरत होता आणि त्यावर आवाज चढवून तो सांगत होता की गुरुवारी आलो की तो डबा विकून टाकणार, आणि ती खोटं बोलली तर आणखी वाईट होईल.

मुलगी नववीत आहे. व्हॅनमधून उतरून आली, दप्तर टाकलं, हात धुतले. मी ताटं वाढता वाढता विषय काढला. मला राग लवकर येतो आणि लवकर उतरतोही, पण मधल्या वेळात माझं तोंड कुणी धरू शकत नाही. त्या दिवशी मात्र मी स्वतःला आवरून, साध्या आवाजात विचारलं. तिने चमचा खाली ठेवला.

"मी नाही केलं मम्मा. तो बर्थडेचा गेम घेतला, दॅट्स इट."

माझा तिच्यावर विश्वास बसला. आंधळी माया म्हणून नव्हे. ही पोरगी खोटं बोलते तेव्हा फार बोलते, मैत्रीण, मैत्रिणीची बहीण, व्हॅनचा ड्रायव्हर, सगळ्यांना मधे आणते. खरं असलं की दोन वाक्यांत उरकते. पण विश्वास माझा होता, तिच्या बापाचा नव्हता, आणि त्याला नुसतं ‘मला वाटतं’ सांगून भागणार नव्हतं.

समोर आबा जेवत होते. आबा म्हणजे माझे सासरे. आयुष्यभर होडीवर इंजिनाशेजारी उभं राहिल्यामुळे त्यांना एका कानाने कमी ऐकू येतं, आणि आम्ही बोलत होतो त्या बाजूला नेमका तोच कान होता. ते मुकाट बांगड्याचे काटे काढत होते.

आबांबद्दल थोडं सांगितलं पाहिजे, कारण त्या दिवसांत आमच्या घरात खरा प्रश्न त्यांचाच होता. ते रायगड किनाऱ्यावरचे तांडेल, म्हणजे होडीचे कप्तान, आणि होडीही स्वतःची. गुडघे गेले तेव्हा त्यांनी ती विकली. चालवायला मुलगा जवळ नव्हता. तो शिकून इंजिनिअर झाला आणि आधीच इकडे आला होता. मग सासूबाई गेल्या आणि घरात आबा एकटे उरले. शेवटी नवऱ्याने हट्टाने त्यांना व्हिजिट व्हिसावर आणलं. पहिल्या दिवशी ते आमच्या बाल्कनीत उभे राहिले, चारी बाजूंचे उघडेबोडके डोंगर बघितले आणि विचारलं, दर्या कंच्या बाजूला? नवऱ्याने डोंगराकडे बोट केलं, त्याच्यामागे. आबांनी मान हलवली. त्यानंतर ते कपडे वाळत घालायलाच काय ते बाल्कनीत जायचे.

शुक्रवारी आम्ही त्यांना बरक्याच्या मासळी बाजारात न्यायचो. तिथे त्यांची कळी खुलायची. कल्ले उचलून बघायचे, विकणाऱ्या म्हाताऱ्या ओमान्याशी हातवाऱ्यांनी वाद घालायचे, आणि दोघांना एकमेकांचं सगळं कळायचं. पण आठवड्यात शुक्रवार एकच येतो. बाकीच्या दिवशी मी सात वाजता क्लिनिकला जायची, लॅबमध्ये रक्त तपासायचं काम करते मी, मुलगी शाळेत, आणि दुपारपर्यंत आबा घरात एकटे. बाहेर चालायला जावं तर ऊन, आणि जाऊन जाऊन जाणार कुठे, तर खालच्या बकाल्यापर्यंत. बकाला म्हणजे इथलं वाण्याचं दुकान.

व्हिसाची मुदत पुढच्या महिन्यात संपत होती. ती वाढवायची तर पासपोर्ट व्हिसाचे अर्ज भरून देणाऱ्या टायपिंगच्या दुकानात न्यायला हवा, आणि पासपोर्ट आबांच्या बॅगेत, बॅग पलंगाखाली, बॅगेला कुलूप. नवऱ्याने मागितला की म्हणायचे, बघू. परत मागितला की, बघू म्हटलं ना. कुणाकडून काही घ्यायचं नाही हा त्यांचा जुना बाणा. मुलाने पाठवलेले पैसे ते वर्षानुवर्षं साठवायचे आणि नातीसाठी सोन्याचं काहीतरी करून परत पाठवायचे. इथे आल्यावर फुकटचं खातोय असं वाटू नये म्हणून सगळ्या घराची मासळी तेच साफ करायचे, भांडीसुद्धा घासायला उठायचे.

मला ते राहायला हवे होते. हे मी सरळ सांगते, उपकाराच्या भावनेने नव्हे. मुलगी कधी माझ्याआधी शाळेतून आली तर दार उघडायला कुणीतरी असायचं. शिवाय गावी त्या घरात ते बाथरूममध्ये पडले तर कळायला दुसरा दिवस उजाडेल. माझे स्वतःचे वडील असे गेलेत. म्हणून आबांनी ‘बघू’ म्हटलं की मला रडू यायचं आणि मी ते रागावर काढायची, बहुतेक वेळा नवऱ्यावर.

तर त्या दुपारी आबा जेवून आडवे झाले आणि मुलगी म्हणाली, हिस्टरी बघ ना मम्मा, सगळं दिसतं त्यात. कन्सोलवर काय काय विकत घेतलं याची नोंद कन्सोलच ठेवतो, हे मला माहीत नव्हतं. माझी समजूत अशी की घेतलेला गेम टीव्हीवर दिसला म्हणजे आपला झाला, आणि पुसला की गेला. ती म्हणाली, पुसला तरी हिस्टरीतून नाही जात. मग आम्ही दोघी टीव्हीसमोर बसलो. सेटिंग्ज, त्यात अकाउंट, त्यात पेमेंट, त्यात खरेदीचा इतिहास, असं एकेक दार उघडत ती गेली, आणि शेवटच्या दाराशी पासवर्ड मागितला. पासवर्ड तिच्या बापाने ठेवलेला. तो विसरला असाल तर फोनवर कोड पाठवतो, असं यंत्र म्हणालं. फोनही तिच्या बापाचा.

म्हणजे ज्याने आरोप केला त्यालाच फोन करून पुरावा बघायची परवानगी मागायची. मी केला. तो म्हणाला, अर्बाब समोर उभा आहे, नंतर कर. अर्बाब म्हणजे मालक. मी म्हटलं, अर्बाबला सांग घरात चोरी झालीय. तेव्हा कुठे त्याने कोड वाचून दाखवला, पण मिक्सरच्या आवाजात मला एक आकडा चुकीचा ऐकू आला. दुसरा कोड आला, तो टाकेपर्यंत त्याची वेळ संपली. तिसऱ्याला तो म्हणाला, खलास, हा शेवटचा, आणि मुलीने तो एका दमात टाकला. मी फोन कापला. इतकी उठाठेव तर मी पगाराचं खातं उघडतानाही केली नव्हती.

यादी उघडली. सगळ्यात खाली वाढदिवसाचा गेम. त्याच्यावर फुकट उतरवलेल्या दोन-तीन गोष्टी. आणि त्यानंतर वरपर्यंत एकच वस्तू, परत परत. टोपलीचं चित्र आणि खाली नाव, हार्बर गिफ्ट बास्केट. फळांनी भरलेली, लाल फीत बांधलेली टोपली. एका मासेमारीच्या गेममधली. प्रत्येकीसमोर तारीख आणि वेळ. कधी साडेनऊ, कधी दहा, कधी पावणेअकरा. सगळे दिवस शाळेचे आणि माझ्या ड्यूटीचे.

वेळ बँकेच्या मेसेजमध्येही असणार. पण रागात माणूस रक्कम वाचतो, वेळ वाचत नाही.

आम्ही दोघींनी एकमेकींकडे बघितलं. सकाळी दहाला या घरात कोण असतं हे विचारायची गरज नव्हती. मुलगी हळूच उठली, आबांच्या खोलीचं दार लोटलं आणि परत येऊन बसली. तिनेच त्यांना तो गेम शिकवला होता. एका शनिवारी आबा कंटाळून बसलेले बघून तिने त्यांच्या हातात कंट्रोलर दिला होता. ते आधी नको म्हणाले, पोरांचा खेळ. मग पडद्यावर पाणी आलं, छोटं बंदर आलं, होडी आली. गळ टाकायचा, मासा लागला की कंट्रोलर हातात थरथरतो. तो थरथरला आणि आबा पाठ ताठ करून बसले. तेव्हापासून सकाळची कामं झाली की ते खेळतात हे आम्हाला माहीत होतं. जगभरचे लोक आपापल्या होड्या घेऊन त्या एकाच बंदरात येतात, हेही माहीत होतं. तिथे दुकान आहे, हे मुलीला माहीत होतं आणि ती सांगायला विसरली होती.

"मी त्यांना फ्री आहे म्हटलं होतं," ती म्हणाली. तिचे डोळे भरले होते. "मम्मा, बाबांना सांग मीच केलं. प्लीज. आबांना कळलं ना, तर ते जातील."

तिला नक्की तेच कळलं होतं जे मला. मुलाचे पैसे आपल्या हातून खेळात गेले हे समजलं, तर हा माणूस पुढच्या विमानाने जाणार आणि परत कधी यायचं नाव काढणार नाही. पण म्हणून पोरीच्या अंगावर खोटा डाग घ्यायचा? मी तिच्यावर डाफरले. मोठेपणा पुरे, म्हटलं, तुझ्या बापासमोर तू मान खाली घालणार नाहीस. मग तिला जवळ घेतलं. ती मला कधी नव्हे इतकी आवडली होती आणि तसं मी तिला सांगितलं.

चहाच्या वेळी आबा उठले. मी त्यांच्या चांगल्या कानाच्या बाजूला बसले. आडून आडून विचारायला मला जमत नाही, तरी प्रयत्न केला. तुमच्या गेममध्ये त्या टोपल्या दिसल्या, कुणाला पाठवता, असं विचारलं. आबा एकदम खुलले. इतके दिवस कुणी विचारेल याची वाट बघत असल्यासारखे.

ते सांगायला लागले. आधी त्यांच्याकडे वल्ह्याची बारकी होडी होती. मासे धरून धरून पुढची मिळाली, इंजिनाची, लांब पाण्यात जाणारी. नवी होडी. आणि त्यांच्या गावी नवी होडी पाण्यात घातली की बंदरातल्या प्रत्येक होडीला नारळ आणि साखर द्यायची पद्धत आहे. दिल्याशिवाय नवी होडी मासेमारीला काढत नाहीत. उद्या खोल पाण्यात इंजिन बंद पडलं तर दोर टाकायला हीच माणसं येणार असतात. एकही होडी वगळायची नाही, भांडण असलेलीसुद्धा नाही. या बंदरात नारळ मिळेना, टोपली मिळाली. मग रोज सकाळी ज्या होड्या नव्या दिसतील त्यांना एकेक टोपली. कुणाला दिली, कुणाची राहिली हे ते होड्यांच्या रंगावरून लक्षात ठेवत होते. अजून पुऱ्या झाल्या नव्हत्या, म्हणून नवी होडी त्यांनी गळ टाकायला नेलीच नव्हती. ती धक्क्याला बांधलेली होती आणि ते जुनीवरच मासे धरत होते.

"खरं तर नारळ पोराच्या कमाईचा लागतो, न् वाटायचा पण पोराच्या हातनंच," आबा म्हणाले. "माजी शेवटची होरी पाण्यात घातली तवा हा इथं होता. शेजारच्या पोऱ्यानं वाटला."

तक्रार नव्हती त्यात. बशीत चहा ओतता ओतता म्हणाले. मग त्यांचं लक्ष मुलीच्या तोंडाकडे गेलं. ती खाली बघत होती. त्यांनी तिच्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि बशी खाली ठेवली.

"का गं बाय? तिथं पैसं लागतात काय?"

मला खोटं बोलता आलं असतं. नाही म्हणून मोकळी झाले असते, कार्ड काढून टाकलं असतं, टोपल्या बंद झाल्या असत्या. पण मग गुरुवारी नवऱ्याला काय सांगणार होते? आणि आबांना नंतर कळलं असतं तर, आपल्याला लहान मुलासारखं फसवलं, हे त्यांच्या मनात कायमचं राहिलं असतं. मी हो म्हटलं. थोडेच लागतात, पण लागतात, मुलाच्या कार्डातून. तुम्हाला कुणी सांगितलंच नाही, म्हटलं. त्यांनी तो किमतीचा आकडा बघितला होता, पण ती त्या खेळातलीच कवडी असेल असं धरून चालले होते.

आबा उठले. आपली कपबशी धुऊन पालथी घातली. मग खोलीत गेले आणि पलंगाखालून बॅग ओढल्याचा आवाज आला. मी दारात गेले तेव्हा ते बॅगेच्या कुलपाशी खटपट करत होते. विमान कवा असतं ते बघ, म्हणाले. त्याला गुरुवारी मीच सांगतो, तू मधे पडू नको.

मी मधे पडले नाही. फोनवर नवऱ्याला एवढंच म्हटलं की मुलीने केलेलं नाही, हिस्टरी मी डोळ्यांनी बघितली आहे, बाकी घरी आल्यावर. तो म्हणाला, म्हणजे तू तिला पाठीशी घालतेस. मी फोन ठेवला. गुरुवारपर्यंतचे दिवस वाईट गेले. आबा कन्सोलकडे बघतही नव्हते. सकाळी सगळ्या खोल्यांच्या लाद्या पुसून ठेवायचे, मग खुर्चीत बसून राहायचे. मुलीने एकदा कंट्रोलर त्यांच्या मांडीवर ठेवला, तो त्यांनी उचलून टेबलावर ठेवला. बॅग पलंगाखालून निघून दाराजवळ आली होती, आणि येता-जाता ती माझ्या पायात यायची. मी तिला ठोकर मारली, एकदा चुकून आणि एकदा मुद्दाम.

गुरुवारी नवरा आला तो आधीच घुश्शात. बूट काढता काढता मुलीला हाक मारली. पण हॉलमध्ये आबा उभे होते. इस्त्रीचा शर्ट घातलेला, वरचं बटणसुद्धा लावलेलं. मुलासमोर हा माणूस असा उभा राहिलेला मी कधी बघितला नव्हता आणि मला ते अजिबात बघवलं नाही.

त्यांनी सगळं सांगितलं. सारवासारव केली नाही, माहीत नव्हतं हेसुद्धा एकदाच म्हणाले. नवी होडी मिळाली म्हणून बंदरात वाटलं, म्हणाले. पैसे गावी जाऊन पाठवतो, पोरीला बोलू नको. नवरा एका पायात बूट, एका पायात मोजा, तसाच ऐकत राहिला. त्याचा राग कुठे गेला ते कळलंही नाही. तो माझ्याकडे वळला आणि हलक्या आवाजात म्हणाला, ते काय म्हणतायत ते दाखव मला.

मुलीने टीव्ही लावला. आधी ती यादी दाखवली, टोपल्यांची. तो वाचत वाचत वरपर्यंत गेला. मग तिने गेम उघडला. बंदर आलं. इकडून तिकडून होड्या येत-जात होत्या, लाल, पिवळ्या, एक जांभळी. आणि धक्क्याला एक नवी होडी बांधलेली, निळी, पांढऱ्या पट्ट्याची. आबांच्या गावच्या होडीचा हाच रंग होता. मी फोटोत बघितलाय, नवऱ्याने तर त्या रंगाचे हात दिलेत लहानपणी. तो सोफ्याच्या कडेवर टेकला.

"हिच्यात अजून गेला नाहीत?" त्याने विचारलं.

आबांनी मान हलवली. वाटून झालं नव्हतं ना, म्हणाले.

नवरा त्या होडीकडेच बघत होता. आबांनी शेवटची होडी पाण्यात घातली तेव्हा त्याला रजा मिळाली नव्हती, असं तो मला लग्नानंतर पहिल्या वर्षी एकदा बोलला होता. पुन्हा कधी विषय काढला नव्हता. त्याने दुसरा बूट काढला, मुलीच्या हातातून कंट्रोलर घेतला आणि आबांकडे न बघता म्हणाला, "नारळ पोराच्या कमाईचाच लागतो ना? मग गेला तो बरोबरच गेला. वाटायचं तेवढं माझं राहिलं. सांगा, कोण राहिलंय?"

आबा उभेच होते. त्यांचा हात त्या वरच्या बटणाशी गेला आणि त्यांनी ते सोडलं. मग ते मुलाशेजारी बसले.

"ती जांभळी," ते म्हणाले. "न् पलीकडची पिवळी. पिवळीवाला सकाळी नसतो."

मुलीने बापाला कुठे काय दाबायचं ते दाखवलं. त्याला ते जमेना, जुनी होडी धक्क्यावर आपटली. आबा म्हणाले, हळू, धक्का तुझ्या बापाचा नाय. टोपली जांभळीवर गेली. मग पिवळीवर. त्या होडीवरच्या माणसाने, तो कुठल्या देशातला कोण जाणे, हात हलवला. मी स्वयंपाकघरात जाऊन डोळे पुसले आणि भाताला फोडणी दिली.

जेवल्यावर नवऱ्याने कार्डाला पासवर्ड लावला. तो आबांच्या गावच्या होडीच्या नावावरून आहे, म्हणून इथे लिहीत नाही. मग आबांनी पहिल्यांदा निळी होडी सोडली, आणि आम्ही तिघं ती लांब पाण्यात जाईपर्यंत बघत बसलो. बॅग कुणी हलवली नाही. ती दारापाशीच होती.

सकाळी शुक्रवार. बरक्याला निघायचं म्हणून नवरा गाडीची चावी शोधत होता. चावी जेवणाच्या टेबलावर होती, आणि चावीखाली आबांचा पासपोर्ट. नवऱ्याने तो उघडून बघितला नाही, खिशात घातला. आबा पिशवी घेऊन लिफ्टपाशी केव्हाचे उभे होते. "यल्ला, चला," ते म्हणाले, "उशीर झाला तर चांगलं म्हावरं संपतं."